लालबागचं राहिलेलं मिनिट

फोन आला तेव्हा माझ्या कानांवर हेडफोन होते. एका मालिकेचं शूटिंग चाललं होतं. सासू सुनेला तिसऱ्यांदा घराबाहेर काढत होती आणि सुनेचा हुंदका नीट रेकॉर्ड होतोय ना, हे मी बघत होतो. खिशात मोबाईल थरथरला. नाव वृंदाताईंच्या भावाचं, आणि तो मला एरवी कधी फोन करत नाही. शॉट संपल्यावर मी उलट फोन लावला. "दिनेश, ताई गेली रे. सकाळी. झोपेतच गेली," एवढंच तो म्हणाला. मी "हो" म्हणालो आणि परत हेडफोन चढवले, कारण दिग्दर्शकाने पुढच्या टेकची हाळी दिली होती. आमच्या धंद्यातला हा गुण म्हणा की खोड... कान उघडे, बाकी सगळं बंद. त्यानंतरच्या टेकला मात्र मला रडू आवरेना. सेटवरच्या लोकांना वाटलं, सीनच जमून आलाय. सुनेचं काम करणाऱ्या मुलीने तर मला थँक्यू म्हटलं. हे वृंदाताईंना सांगितलं असतं तर त्या पोट धरून हसल्या असत्या. सांगायची राहिलेली अशी ती पहिली गोष्ट. गेल्या पाच आठवड्यांत अशा बऱ्याच जमल्या आहेत.

वृंदाताई माहितीपट करायच्या. पाण्यावर, लसीकरणावर, बालवाड्यांवर, म्हणजे ज्याला जे हवं असेल त्यावर. त्यातून सवड काढून त्यांनी स्वतःची एक फिल्म हातात घेतली होती आणि ती शेवटपर्यंत हातातच राहिली. गिरगावपासून दादरपर्यंत रस्त्यावर वाजवणारी माणसं, हा विषय. वरळी कोळीवाड्यातला हळदीचा बँड, माझगावचे लग्नाला आणि मयताला सारख्याच इमानाने ट्रम्पेट वाजवणारे एक म्हातारबाबा, दादरच्या फुलबाजारात भल्या सकाळी येणारा वासुदेव, गिरगावात पाडव्याला निघणारे ढोल, आणि आमच्या लालबाग-परळची बँजो पार्टी. खरं तर हा विषय त्यांच्या घराला शोभणारा नव्हता. दादरचं कारकुनी घर, वडील सरकारी कचेरीत टायपिस्ट. रस्त्यावरून मिरवणूक गेली की वडील म्हणायचे, "खिडक्या लावून घ्या." वृंदाताई सांगायच्या, "मी खिडकी लावायला म्हणून जायची आणि फटीला कान लावून उभी राहायची. माझं सगळं शिक्षण त्या फटीतून झालं."

माझं नेमकं उलटं. मी परळच्या चाळीतला, गिरणी कामगाराचा नातू. बँजो माझ्या कानावर पडला नाही असा गणपती गेला नाही, की लग्न गेलं नाही. पण पुढे आवाजाचं शिक्षण घेतलं, चार शिकलेल्या लोकांत उठबस झाली, आणि बँजोला कलकलाट म्हणायचं असतं हे मी शिकलो. पहिल्या भेटीत वृंदाताईंनी विचारलं, "तुला बँजो आवडतो का रे?" मी मान तिरकी करून म्हणालो, "काम म्हणून काय, सगळंच आवडतं." त्या माझ्याकडे बघत राहिल्या. "बरं," म्हणाल्या. "ये मग उद्यापासून."

त्यांची काम करायची एक रीत होती, ती सांगायला हवी. शूटिंग संपलं की आवाजवाले त्या जागेची नुसती शांतता थोडी रेकॉर्ड करून घेतात. पुढे जोडकाम करताना सांधे बुजवायला ती लागते. सगळेच घेतात, पण वीस-तीस सेकंद, उरकल्यासारखी. वृंदाताईंना पूर्ण मिनिट लागायचं आणि त्याचं सोवळं त्या कडक पाळायच्या. वाद्यं थांबली की हात वर करायच्या, "आता एक मिनिट गल्लीचं." आता मुंबईत मिनिटभर कोण गप्प राहतं? तरी लोक राहायचे, त्यांच्या त्या वर केलेल्या हाताकडे बघत. कोळीवाड्यात एका मावशीने घाबरून विचारलं होतं, "कोन गेला का गो बाय?" वृंदाताई म्हणाल्या, "कुणी नाही मावशी. इतका वेळ आपण बोललो ना, आता गल्लीला बोलू दे." मग त्या मिनिटात कुठे कुकरची शिट्टी, कुठे कावळा, कुठे वरच्या मजल्यावर कुणीतरी कुणाला तरी घातलेली शिवी... सगळं यायचं. एका निळ्या वहीत प्रत्येक ठिकाणाचं नाव आणि पुढे बरोबरची खूण. त्या पूर्ण वहीत एकाच नावापुढे खूण नव्हती. लालबाग. आणि ती राहिली होती माझ्यामुळे.

लालबागच्या पार्टीचे मास्टर म्हणजे आप्पा. बँजो म्हणतात ते वाद्य ज्यांनी जवळून पाहिलं नसेल त्यांना सांगतो, त्याला तारा असतात आणि तारांवर टाइपरायटरसारखी बटणं. आप्पांच्या वडिलांनी पोरगा गिरणीत नको, हाफिसात जाऊ दे म्हणून त्यांना टायपिंगच्या क्लासला घातलं होतं. आप्पांचा हात असा बसला, असा बसला, की ते थेट बँजोवर जाऊन बसले. पोटासाठी कुरिअरच्या कचेरीत नोकरी आणि सणासुदीला पार्टी, असं त्यांनी आयुष्य काढलं. वृंदाताई पहिल्यांदा त्यांच्या खोलीवर गेल्या तेव्हा म्हणाल्या, "माझे वडीलही टायपिस्ट होते." आप्पा त्यांना खालपासून वरपर्यंत न्याहाळत म्हणाले, "मग बिचाऱ्यांचो हात फुकट गेलो म्हणायचो." तिथून दोघांचं जे जमलं ते जमलंच. फिल्म पुरी झाली की सगळ्यांच्या आधी तुमच्या चाळीत दाखवीन, असा शब्द वृंदाताईंनी त्यांना तेव्हाच देऊन टाकला.

आता माझा पराक्रम. गणपती कारखान्यातून मंडपात आणायचा दिवस होता, रविवारची दुपार. आप्पांची पार्टी हातगाडीवर कर्णे बांधून पुढे, मागे ढकलगाडीवर मूर्ती, आणि मधे आम्ही. वृंदाताई खांद्यावर कॅमेरा घेऊन, मी लांब दांड्याचा माईक धरून. परळच्या नाक्यावर आप्पांनी एक जुनी चाल धरली. आमच्या चाळीतल्या प्रत्येक वरातीत वाजलेली, माझा काका जिच्यावर रुमाल दातात धरून नाचायचा ती. त्या दिवशी आप्पांचा हात काही वेगळाच चालला होता. ताशेवाला त्यांच्याकडे बघून हसत होता. माझ्या कानात ते सगळं हेडफोनमधून थेट ओतलं जात होतं, आणि पायांनी मला विचारलंच नाही. साडेतीन मिनिटं मी नाचलो, माईकसकट. थांबलो तेव्हा पोरं माझ्यासाठी टाळ्या वाजवत होती. लाजेने मी मेल्याहून मेलो आणि रेकॉर्डर बंद करून टाकला. तेवढ्यात वृंदाताईंनी हात वर केला. "एक मिनिट गल्लीचं." बंद मशीन हातात घेऊन मी उभा होतो आणि मिरवणूक पुढे सरकली होती.

दादरला त्यांच्या घरी बसून आम्ही ते ऐकलं. आप्पांचा बँजो, ताशा, ढोलकी, आणि सगळ्यांच्या वर माझ्या खिशातला चाव्यांचा जुडगा. घर, कपाट, आईची ट्रंक, कुलपं बदलली तरी फेकवत नाहीत अशा जुन्या चार-पाच... छुन् छुन् छुन्, अगदी तालात. वृंदाताईंनी हेडफोन काढून टेबलावर ठेवले. "दिनेश, तू आवाज घ्यायला आला होतास की वरातीला?" त्यानंतर तीन दिवस अबोला. मी फोन करतोय, त्या उचलत नाहीत. चौथ्या दिवशी त्यांचा फोन, "उद्या माझगावला, आठ वाजता. आणि चाव्या माझ्याकडे द्यायच्या."

तेव्हापासून तो नेमच झाला. रेकॉर्डिंग सुरू करण्याआधी त्या न बोलता तळहात पुढे करायच्या, मी जुडगा त्यावर ठेवायचा, तो त्यांच्या कापडी पिशवीत जायचा. आणि दर दोन-तीन वेळांमागे एकदा मी तो परत घ्यायला विसरायचो. माझी बायको नर्स, तिच्या ड्यूट्यांचा नेम नाही. परळला घरी पोचावं, दाराशी खिसे चाचपावेत आणि आल्या पावली दादरला परत जावं. वृंदाताई दार उघडताना म्हणायच्या, "ये. चहा टाकलाय." म्हणजे जुडगा पिशवीत राहिलाय हे त्यांना माहीत असायचं. फोन करून सांगायच्या नाहीत. एकट्या राहायच्या, चहाला कुणाची तरी सोबत लागायची, हे माझ्या लक्षात यायला मात्र फार वेळ लागला.

पुढच्याच वर्षी आप्पांच्या बोटांचे सांधे धरले. बटणं दाबायची म्हणजे डोळ्यांत पाणी. त्यांनी बँजो मुलीच्या, पूनमच्या, हातात दिला आणि स्वतः गाडीच्या बाजूने चालू लागले. त्या दिवशीसारखी चाल ते पुन्हा कधी वाजवणार नव्हते. म्हणजे आमच्याकडे होती ती तेवढीच, आणि तिच्यात माझ्या चाव्या. एका चॅनेलच्या माणसाला फिल्मचा बाकीचा भाग आवडला होता. तो म्हणाला, "तेवढा तुकडा स्टुडिओत कुणाकडून तरी वाजवून घ्या, क्लीन करा, आम्ही लगेच घेतो." वृंदाताई "नाही" म्हणाल्या. पण तो तुकडा होता तसा जोडतही नव्हत्या. कधी विचारलं तर "बघू रे". असं वर्षावर वर्ष गेलं. त्या तुकड्याचं चित्र त्यांनी मला कधी दाखवलं नाही आणि मीही कधी मागितलं नाही, कुठल्या तोंडाने मागणार? मी मनाशी धरून बसलो होतो की या बाईचं आयुष्यातलं एकच स्वतःचं काम माझ्या पायांनी अडवून ठेवलंय.

मग आजार आला. त्यांनी तो बरेच दिवस लपवला, मग लपेना. शेवटची भेट त्यांच्या दादरच्या खोलीत झाली. पलंग खिडकीजवळ, खिडकी सताड उघडी, गळ्यात हेडफोन माळेसारखे. म्हणाल्या, "दोन कामं राहिली बघ. आप्पांना फिल्म दाखवायची आणि लालबागचं मिनिट. तू कर."

"आणि माझा घोळ? त्याचं काय करू?"

"आवाज तुझा आहे, तू ठरव. पण आधी चित्र बघ." एवढं बोलून त्या हसायला लागल्या. हसताना धाप लागली तरी थांबेनात. मला वाटलं, औषधांचा परिणाम असेल.

आल्या आल्या सवयीने मी चाव्या त्यांच्या टेबलावर ठेवल्या होत्या आणि निघताना सवयीनेच विसरलो. अर्ध्या वाटेतून परत गेलो. त्या डोळे मिटून पडल्या होत्या. न उघडताच म्हणाल्या, "ये. चहा टाकायला सांगितलाय." माझ्याशी त्यांचं ते शेवटचं बोलणं.

त्या गेल्यावर दहा-बारा दिवसांनी भावाने हार्ड डिस्क आणि निळी वही आणून दिली. मी काय केलं ते खरं सांगतो. चित्र न बघता आधी आवाज उघडला आणि सॉफ्टवेअर लावून चाव्या काढून टाकल्या. हल्ली हे जमतं. आप्पांचा बँजो धुतल्यासारखा लख्ख. आता कुणाच्या बापाला कळणार नव्हतं. मोठं ओझं उतरलं म्हणून मी तो आवाज चित्राला लावला आणि पहिल्यांदाच ते चित्र बघितलं...

चित्र हलत होतं. गर्दीत धक्का लागून हलतं तसं नाही, तालात. हातगाडीवरचा कर्णा डावीकडे, उजवीकडे, परत डावीकडे. मागची दुकानाची पाटी वर-खाली. ज्या बाईचा हात उभ्या आयुष्यात कधी थरथरला नाही, कोळीवाड्याच्या होडीतसुद्धा जिने स्थिर शॉट घेतला, तिचा कॅमेरा साडेतीन मिनिटं झुलत होता. एका जागी तर तो चुकून खाली वळला आणि दोन क्षण पाय दिसले. माझे फाटके बूट आणि त्यांच्या शेजारी वृंदाताईंच्या कोल्हापुरी चपला. दोन पावलं पुढे, एक मागे. आमच्या चाळीतल्या कुणी शिकवल्यासारखं.

चोराच्या उलट्या बोंबा! तीन दिवस अबोला, इतकी वर्षं चाव्या जप्त, आणि बाई स्वतः नाचत होत्या! मी एकटाच मोठमोठ्याने हसलो. मग हसता हसता रडलो, आणि या वेळी भोवती सेट नव्हता, म्हणून पोटभर रडलो. खिडकीच्या फटीशी उभी राहणारी ती मुलगी एकदाची रस्त्यावर उतरली होती आणि ते कबूल करायला तिला जड जात होतं. तो तुकडा जोडला असता तर सगळ्या दादरला कळलं असतं. मी बँजोला कलकलाट म्हणायचो, तसंच हे. दोघेही एकाच गावचे चोर निघालो, फक्त त्यांनी मला ते सांगितलं नाही याचा मला थोडा राग आहे, तो राहू दे.

चाव्या काढलेला आवाज मी पुसून टाकला. त्याच्याबरोबर ते चित्र बघितलं तर वाटे, कुणाचा तरी हात खराब आहे. चाव्या परत घातल्या, आणि चित्र आवाजाला येऊन भिडलं. बाकी फिल्म त्यांनी जोडून ठेवलेलीच होती. मी फक्त ती साडेतीन मिनिटं तिच्या जागी ठेवली.

गेल्या रविवारी दुपारी आप्पांच्या चाळीच्या सभागृहात ती दाखवली. पूनमने सगळी तयारी केली होती. खिडक्यांना चादरी, भिंतीवर पांढरा पडदा, पुढे सतरंजीवर बायका-मुलं, मागे खुर्च्यांवर म्हातारे. आप्पा पहिल्या खुर्चीत, इस्त्रीचा सदरा घालून. त्यांची चाल सुरू झाली तसे सतरंजीवरचे पाय हलायला लागले. आप्पा स्वतःच्याच बोटांकडे टक लावून बघत होते, पडद्यावरच्या. मग ते एकदम पुढे झुकले. "अरे, बाय पण नाचता हा!" सगळं सभागृह फुटलं. हशा ओसरायच्या आत आप्पांचा दुसरा प्रश्न, "आणि हो खुळखुळो कोणाचो?"

मी मागून म्हणालो, "माझा. चाव्या आहेत, आप्पा."

"बरो वाजता," आप्पा म्हणाले. "पार्टीत येतस?"

फिल्म संपल्यावर पूनमने बँजो घेतला आणि तीच चाल वाजवली. बापासारखी नाही. जरा सावकाश, तिच्या पद्धतीने, पण बायका उठल्या आणि सतरंजी गुंडाळावी लागली. ते थांबल्यावर मंडळाचे सेक्रेटरी घसा साफ करून उभे राहिले, "वृंदाताईंना आदरांजली म्हणून आपण सर्वांनी दोन मिनिटं..."

"दोन कित्याक? तिका एकच लागायचा," आप्पा म्हणाले. "आणि चादरी काढा रे. गल्ली आत येऊ दे."

चादरी निघाल्या. उजेड आला, खालचा रस्ता आला. मी रेकॉर्डर लावला, माईक खिडकीकडे धरला आणि नेमाप्रमाणे खिशातून जुडगा काढून हात पुढे केला. मग कळलं, समोर कुणी नाही. हात तसाच हवेत. तेवढ्यात पहिल्या खुर्चीवरून एक तळहात पुढे आला. सांधे सुजलेला, बोटं अर्धवट वाकलेली.

"चाव्या दी माका," आप्पा म्हणाले.

त्यांनी दुसरा हात वर केला आणि सगळे गप्प झाले. पंखा. खाली कुणाचा तरी हॉर्न. कुकरची शिट्टी. एका मुलाने ताशाला चुकून बोट लावलं आणि आईने त्याच्या हातावर मारलेली चापट. कुठे तरी कावळा. मिनिट पुरं झालं, आप्पांनी हात खाली केला. घरी जाताना वाटेतच उभं राहून मी वहीत लालबागपुढे खूण केली.

परळला पोचलो. बायको ड्यूटीवर. दाराशी उभा राहून खिसे चाचपले, डावा, उजवा, शर्टाचा. मग पूनमला फोन लावला.

"काका, बाबा केव्हाचे हसतायत," ती म्हणाली. "या. चहा टाकलाय."